भाकरीचा पापुद्रा

पौर्णिमाच्या हातचं म्हातारी माणसं मुकाट्यानं कशी जेवतात, हे कोडं वृद्धाश्रमातल्या बाकीच्या बायांना कधी सुटलं नाही. अन्न तर एकाच पातेल्यातलं. तीच तुरीची पातळ डाळ, तोच मऊ भात, तीच ज्वारीची भाकर. पण सोबतची सेविका रीता घास घेऊन गेली की म्हातारे तोंड फिरवायचे आणि पौर्णिमा गेली की आ करायचे. रीता म्हणायची, "हिनं काईतरी मंतरलं हाय." मंतरलेलं काही नव्हतं. पौर्णिमाला घाई नव्हती, एवढंच. बाकी कामात ती चारचौघींसारखीच होती. अंथरुणाला खिळलेल्यांची कूस बदलताना तिचीही कंबर भरून यायची, घाण काढताना तीही नाकाला ओढणी लावायची. पण भरवायला बसली की कॉटशेजारच्या स्टुलावर अशी मांडी ठोकून बसायची, जणू जगात तिला दुसरं काही करायचंच नाही.

ती हिंगणीची. आश्रम सेलूच्या रस्त्यावर, तिच्या घरापासून ऑटोच्या अंतरावर. आधी वर्ध्याला एका दवाखान्यात आया म्हणून होती. तिथला पेशंट चार दिवसांत बरा होऊन घरी जायचा आणि जाताना तुमच्याकडे वळूनही बघायचा नाही. इथली माणसं कुठं जात नव्हती. जायची ती एकदाच. रोज मरे त्याला कोण रडे, असं म्हणून बाया हात धुवायच्या आणि दुसऱ्या कॉटकडे वळायच्या. न वळून करतील काय?

तिचा नवरा रोशन जामच्या चौकात टायरच्या दुकानात होता. तो तिला चिडवायचा, "काय ठेवलं हाय वं तुह्या त्या बुढ्याबुढीयच्या कामात?" पौर्णिमाला नीट सांगता यायचं नाही. समाधान वगैरे शब्द ती कधी बोलली नसती, ते भाषणातले शब्द. पण कोणाचं ताट रिकामं होऊन परत आलं की तिचंच पोट भरल्यासारखं व्हायचं. माझ्या हॉलमध्ये कोणी उपाशी राहत नाही, हा तिचा तोरा होता. गरिबाच्या पोरीला एखादा तोरा असावा. पण तोरा म्हटला की तो कधीतरी नडतोच.

आनंदाबाई आणि अण्णाजी आर्वीकडच्या रोहण्याचे. जन्म शेतीत गेलेला. आनंदाबाई अंगणात पडल्या, खुब्याचं हाड मोडलं आणि उठणं संपलं. मुलगा हरिदास पुण्याला नोकरीत. त्यानं दोघांनाही इथं आणून ठेवलं. इथला नियम असा, की बाप्यांचा हॉल वेगळा आणि बायांचा वेगळा, मध्ये आवार. नवराबायको असली तरी नियम तो नियम. जन्मभर एका छपराखाली काढलेल्या माणसांना शेवटच्या वळणावर भिंत घालून वेगळं करायचं आणि वर त्याला शिस्त म्हणायचं! असो.

आल्या आल्या आनंदाबाईंनी अन्न सोडलं. चहा घ्यायच्या, पाणी घ्यायच्या, पण ताट आलं की डोळे मिटून पडायच्या. रीता रागावून झाली, व्यवस्थापक सुरभी मॅडम समजावून झाल्या. शेवटी पौर्णिमा स्टूल ओढून बसली.

"आजी, जेवत काऊन नाई?"

"थे जेवले का?"

"कोन थे?"

आनंदाबाईंनी हनुवटीनं भिंतीकडे दाखवलं. "तिकडचे."

लग्न होऊन आल्यापासून ही बाई नवऱ्याच्या आधी जेवली नव्हती. आणि जेवली ती त्याच्याच ताटात. त्यानं हात धुतला की त्याच ताटात वाढून घ्यायचं, हा तिच्या घरचा रिवाज. आपल्या शिकल्यासवरल्या लोकांना याचा राग येतो आणि तो यावाच. पण मोडक्या हाडानं पडलेल्या म्हातारीला कोण सुधारत बसणार? पौर्णिमानं वाद घातला नाही. ती आधी अण्णाजींकडे गेली, त्यांचं जेवण उरकलं आणि त्यांचं उष्टं ताट तसंच आवार ओलांडून आणलं. त्यात डाळभात वाढला. आनंदाबाईंनी ताट न्याहाळलं आणि आ केला.

"एका पेशंटचं उष्टं दुसऱ्याले?" रीता कुजबुजली. "मॅडमनं पाह्यलं म्हंजे?"

मॅडमनी पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. बाई जेवते आहे ना, मग झाकली मूठ सव्वा लाखाची.

तेव्हापासून रोज दुपारी तेच. आनंदाबाई विचारायच्या, "थे जेवले का?" पौर्णिमा ताट दाखवायची. त्या ताटात एक गोष्ट नेहमी असायची. अण्णाजी भाकरीचा वरचा पापुद्रा अलगद सोलून काढायचे, त्याची घडी घालून वाटीखाली सरकवून ठेवायचे आणि आतली मऊ भाकर डाळीत कुस्करून खायचे. तोंडात एक दात नाही, कडक पापुद्रा चावणार कसा, असं पौर्णिमानं मनाशी धरलं. आनंदाबाई ताट पुढे आलं की आधी वाटी उचलायच्या, पापुद्रा काढायच्या आणि उशीखाली सारायच्या.

हे मात्र पौर्णिमाला आवडायचं नाही. म्हाताऱ्या माणसांना लपवून ठेवायची खोडच असते. कोणी बिस्किट ठेवतं, कोणी साखर. पण आनंदाबाईंच्या पाठीला पडून पडून जखम झाली होती. तिथं मुंग्या लागल्या म्हणजे संपलंच. संध्याकाळी चादर झटकताना उशीखाली नुसता चुरा सापडायचा. "आजी, मुंग्या लागतीन ना," ती म्हणायची. आनंदाबाई तेवढ्यापुरत्या बहिऱ्या व्हायच्या.

एकदा वेणी घालताना आनंदाबाईंनी विचारलं होतं, "तू कोनाची वं?"

"हिंगणीची. बौद्धाच्या घरची."

"हूं," म्हातारी म्हणाली. मग आपणहून सांगितलं, की रोहण्यात त्यांच्या वावरात कामाला येणाऱ्या बौद्धवाड्यातल्या बायांचे चहाचे कप गोठ्याच्या कोनाड्यात वेगळे ठेवलेले असायचे. सांगताना तिच्या आवाजात ना लाज होती ना ताठा. पावसापाण्याचं सांगावं तसं तिनं सांगितलं. पौर्णिमानं वेणी जरा घट्ट ओढली आणि विषय तिथंच सोडला. हाड मोडल्यावर माणूस येईल तो हात धरतो, हे तिला या कामानं शिकवलं होतं.

थंडी सरता सरता एका संध्याकाळी अण्णाजींना दम लागला. त्यांना मोठ्या दवाखान्यात नेलं आणि त्याच रात्री तिथं ते गेले. सकाळी हरिदास पुण्याहून आला तो थेट दवाखान्यात. तिथून प्रेत रोहण्याला नेण्याआधी आश्रमात आला आणि सुरभी मॅडमच्या खोलीत उभ्याउभ्याच बोलला.

"आईला सांगू नका, मॅडम. तिचं काळीज अगोदरच कमजोर आहे. कळलं की ती अन्न सोडील. बाबा गेले, आता आईलाही..."

मॅडमनी पौर्णिमाला बोलावून घेतलं. "आनंदाबाई तुझ्याच हातून जेवतात. तूच सांभाळ," त्या म्हणाल्या. पौर्णिमा मान हलवून बाहेर आली. खोटं बोलायचं या विचारानं तिचा जीव दडपला होता. पण खरं सांगायचं तर दडपलेल्या जिवातही कुठंतरी बरं वाटत होतं. एवढं मोठं काम मॅडमना सोपवावंसं वाटलं ते आपल्यावर, रीतावर नाही.

दुपारी तिनं ताट वाढून घेतलं आणि बाप्यांच्या हॉलमध्ये गेली. अण्णाजींच्या कॉटवरची गादी उन्हात टाकली होती. उघड्या फळीवर बसून तिनं अर्धं जेवण स्वतः जेवून घेतलं. उष्टं ताट हवं तर ते कोणाच्या तरी तोंडचं हवंच ना? भाकर मोडताना पापुद्रा सुटून हातात आला. बरं झालं, ती मनात म्हणाली, आता मुंग्यांची कटकट तरी नाही. आणि तिनं तो खाऊन टाकला. आतली मऊ भाकर म्हातारीसाठी ठेवली. आवार ओलांडताना तिच्या पोटात बारीकसं हसूही आलं, उगाच कशाला लपवा? ज्या घरी आपल्या लोकांचा कप कोनाड्यात, त्या घरची मालकीण आज आपलं उष्टं खाणार होती. पण दारात पोचेस्तोवर ते हसू विरलं. कॉटवरची बाई टक लावून दाराकडेच पाहत होती.

आनंदाबाईंनी वाटी उचलली. वाटीखाली पाहिलं. वाटी परत ठेवली. बराच वेळ ताटाकडे पाहत राहिल्या. पौर्णिमानं घाईनं घास कालवला.

"घ्या ना, आजी," ती म्हणाली. "अण्णाजी जेवले."

आनंदाबाईंनी तिच्या तोंडाकडे पाहिलं आणि आ केला.

त्या दिवसापासून ‘थे जेवले का?’ हा प्रश्न आनंदाबाईंनी पुन्हा विचारला नाही. पौर्णिमाला वाटलं, विश्वास बसला, आता विचारायची गरज उरली नाही. उशीखालचा चुरा बंद झाला. पाठीची जखमही भरत आली. तिला आपल्या युक्तीचं कौतुकच वाटलं. सकाळी मात्र कुंकवाची डबी उघडताना तिचं बोट अडखळायचं. नवरा गेलेल्या बाईच्या कपाळी आपण कुंकू लावतो आहोत आणि त्या बाईला ते ठाऊक नाही, हे तिला खायला उठायचं. बोट कपाळावर टेकलं की आनंदाबाई डोळे मिटून घ्यायच्या.

तेरवी आटोपून हरिदास आईला भेटायला आला तो डोक्यात कानटोपी घालून. दुपारचं ऊन चटकायला लागलं होतं आणि हा घामेजलेला, टोपीत.

"काऊन रे बापू?" आनंदाबाई म्हणाल्या. "एवढ्या उन्हात टोपी?"

"सर्दी झाली, आई."

"बरं," त्या म्हणाल्या. "जपजो." आणि त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या, किती तरी वेळ. हरिदास बाहेर येऊन पौर्णिमाला म्हणाला, "ताई, तुमचे उपकार कसे फेडू? आई किती शांत आहे." पौर्णिमालाही ते पटलं. किती शांत आहे.

एप्रिलात आश्रमाचा वर्धापनदिन आला. त्या वर्षीच्या उत्कृष्ट सेविका म्हणून पौर्णिमाचा सत्कार करायचं ठरलं. मॅडम म्हणाल्या, "तुझ्या हॉलमध्ये एकाचंही वजन उतरलं नाही." पौर्णिमाचा तो दिवस जमिनीवर पाय न ठेवता गेला. संध्याकाळी वेणी घालताना तिनं ते आनंदाबाईंना सांगितलं.

"कवा हाय?" म्हातारीनं विचारलं.

"येत्या सोमवारी."

"बरं, बरं," आनंदाबाई म्हणाल्या. "सोमवार काही दूर नाई."

सोमवारी मांडव उभा राहिला, भाषणं झाली, नारळ आणि शाल देऊन टाळ्या झाल्या. वर्ध्याच्या एप्रिलात शाल! देणाऱ्याला काही वाटत नाही, घेणाऱ्यानं घाम पुसत हसायचं. पण पौर्णिमा मनापासून हसली. तिच्या आयुष्यात कोणी तिच्यासाठी टाळ्या वाजवल्याची ही पहिलीच वेळ. शाल घेऊन ती धावतच आनंदाबाईंकडे गेली. म्हातारीनं शालीवरून हात फिरवला, पदराची वीण चाचपली.

"चांगली हाय," त्या म्हणाल्या. "हिवाळ्यात कामी येईन. झाला ना तुहा सत्कार?"

"झाला, आजी."

दुसऱ्या दिवशी सकाळी पौर्णिमानं कुंकवाची डबी उघडली तर आनंदाबाईंनी तिचा हात धरला. "आज राहू दे." लहर असेल म्हणून तिनं डबी मिटली. दुपारी नेहमीप्रमाणे ती भिंतीपलीकडे जाऊन अर्धं जेवून आली आणि ताट घेऊन स्टुलावर बसली. आनंदाबाईंनी वाटी उचलली, वाटीखाली पाहिलं.

"पापुद्रा कुठं हाय?"

पौर्णिमाला आधी समजलंच नाही. "कोनता पापुद्रा?"

"भाकरीचा. माह्या वाट्याचा."

"अण्णाजीनं खाल्ला असंन आज..."

"त्याईनं जलमात नाई खाल्ला."

"त्यायले दात नाई म्हनून थे काढून ठेवत ना, आजी?"

"दात होते तवाही ठेवत," आनंदाबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज अगदी साधा होता. "लगन होऊन आली तवा मी पोरगीच होती. सासू पह्यले मानसायले वाढे. माह्यापर्यंत येस्तोवर भाकरीचा कोरका उरे, तोही थंडा. एक दिवस त्याईच्या ताटात बसली, त वाटीखाली पापुद्रा. सासूले दिसू नये म्हनून लपवलेला. मंग रोजच. तोंडानं काई बोलले नाई. जलमभर त्या मानसानं माह्यासंग चार गोष्टी धड नाई केल्या. पन पापुद्रा ठेवल्याबगर हात नाई धुतला. दुपारी सारे निजले का मी थो हळूहळू चघळत राहो. इथंबी."

पौर्णिमानं हातातला घास ताटात परत ठेवला. उशीखालचा चुरा तिला आठवला, आणि मुंग्या.

"पह्यल्याच दिवशी समजलं मले," म्हातारी म्हणाली. "ताट पाह्यलं अन् समजलं. थे असते त पापुद्रा असता."

"मंग बोलल्या काऊन नाई, आजी? अन् जेवल्या काऊन?"

"तू समोर बसे ना मांडी घालून, माह्या तोंडाकडे पाहत. म्हटलं, पोरीचं काम हाय हे. मी नाई जेवली त हिले बोलनं बसंन. अन् हरिदास टोपी घालून आलता. पोट्टं एवढं दुरून मायसंग खोटं बोलाले आलं, म्हटलं बोलू द्या, त्याचा तेवढाच जीव हलका. मंग आता जेवन सोडतो म्हटलं, त तुह्या सत्काराचं निघालं. म्हटलं, थेही होऊन जाऊ दे."

पौर्णिमाला रडू आवरेना. "आजी, थे ताट... मी जेवो त्या ताटात आधी. माह्यं उष्टं चारलं मी तुमाले."

"मालूम हाय. दुसऱ्या कोनाचं असंन?" आनंदाबाईंच्या तोंडावर हसण्यासारखं काहीतरी येऊन गेलं. "रोहन्याले नको सांगजो."

इतके दिवस पौर्णिमाला वाटत होतं, आपण या बाईला जगवतो आहोत. ही बाई पडल्या पडल्या तिची नोकरी सांभाळत होती, पोराचं मन सांभाळत होती, आणि दोघांचं सांभाळता सांभाळता स्वतःच्या नवऱ्यासाठी डोळ्यातून टिपूस काढायला तिला सवड मिळाली नव्हती. तिनं गिळलेला एकेक घास पौर्णिमानं आपल्या हातगुणाच्या नावावर जमा करून घेतला होता. कालची शाल अजून कॉटच्या पायथ्याशीच पडली होती. पौर्णिमाला तिच्याकडे बघवेना.

"ताट ने आता," आनंदाबाई म्हणाल्या. "भरल्या पोटी रडता येत नाई, माय. मले रडू दे."

त्यांनी बांगड्यांचे हात पुढे केले. "ह्या काढ. फोडू नको पन, काच गादीत पडंन. तुलेच वेचा लागंन."

पौर्णिमानं पसरट भांड्यात साबणाचं पाणी आणलं. वाळलेल्या मनगटांवरून एकेक बांगडी ओली करून उतरवली, एकही न फोडता. कपाळावर कालच्या कुंकवाचा पुसट डाग होता. तो आनंदाबाईंनी स्वतःच्या पदरानं पुसला. मग त्यांनी भिंतीकडे तोंड केलं, त्याच भिंतीकडे, आणि आधी हुंदका आला, मग आवाज. म्हातारीच्या एवढ्याशा जिवातून इतका मोठा आवाज निघेल असं कोणाला वाटलं नसतं. आजूबाजूच्या कॉटवरच्या बाया माना वळवून पाहू लागल्या. त्यांतल्या बहुतेकींना ते रडणं ओळखीचं होतं.

पौर्णिमा ताट घेऊन बाहेर पडली. समोरून सुरभी मॅडम येत होत्या. रोज या वेळी त्या चालता चालता एकच प्रश्न विचारायच्या आणि उत्तर ठरलेलं असल्यानं थांबायच्याही नाहीत.

"सगळे जेवले ना?"

"आनंदाबाई नाई जेवल्या."

मॅडम थांबल्या. पौर्णिमाच्या तोंडून हे उत्तर त्यांनी कधी ऐकलं नव्हतं. "का? बरं नाही का त्यांना? आणि रडतंय कोण?"

"त्यायचे मालक गेले, मॅडम."

"अगं पौर्णिमा," मॅडम गोंधळून म्हणाल्या, "अण्णाजी तर केव्हाच..."

"नाई मॅडम," पौर्णिमा म्हणाली. "आज गेले."

मॅडम हॉलच्या दाराकडे निघाल्या, तशी पौर्णिमा ताट हातात घेऊन त्यांच्या वाटेत उभी राहिली. आतला आवाज वाढत होता. भिंतीपलीकडे, बाप्यांच्या हॉलमध्येही तो ऐकू जात असणार. कोणी रडायला लागलं की धावत जाऊन पाठीवरून हात फिरवायचा, पाणी द्यायचं, गप्प करायचं, हे पौर्णिमाचं काम होतं. त्या दुपारी तिनं ते केलं नाही आणि दुसऱ्या कोणालाही करू दिलं नाही.